देवीचा ब्लॉक

हिरेमळ, ता. अक्कलकोट
१४ जून १९७४

ति. अण्णा,

तुझ्या धाकट्या बहिणीचा, गौरम्माचा, नमस्कार. बोलणार मी, लिवणार तुझी भाची जगी. औंदा सातवीला हाय ती. अक्षर बघ कसं मोत्यावानी हाय.

खुशाल हाय असं लिवायची रीत हाय, पर आमी खुशाल न्हाय. काल येस्टीचा कंडक्टर तुमचा 'सीनातीर' पेपर घेऊन उतरला आन् पारावर सगळ्यांम्होरं म्हनला, "ही गुरप्पाची पोर न्हवं का?" बघतो तर आमची जगी! पहिल्या पानावर! अंगाला लिंबाचा पाला नेसलेली, तोंडावर खपल्या. वर ही एवढाली अक्षरं, 'देवीचे थैमान, जगाचे डोळे भारताकडे'. आन् खाली, 'बिहारात देवीच्या तावडीत सापडलेली बालिका'.

अय्यो, कुठली देवी? पोरीला माघात कांजिण्या आल्त्या, तुला ठाव हाय की. उतरल्यावर मरीआईला लिंब नेसवून नेली, आपल्यात नेत्यात तशी, आन् हौसेनं अक्कलकोटच्या सिदू फोटोवाल्याकडनं फोटो काढला. दोनच प्रती काढल्या. एक घरात खुंटीला हाय. एक तुला पाठवली. ती जागेवर हाय न्हवं? म्हंजे फोटोच्या मूळ काचेवरनं सिदूनंच तिसरी काढून इकली, दुसरं कोन?

कालपास्नं माझ्या कडक भाकऱ्या आन् शेंगाची चटणी कुणी घेईना. गुरुजींनी जगीला व्हरांड्यात बसवली. तू त्या छापखान्यात एकोणीस वर्सं अक्षरांचं खिळं जुळवतोस. इचार की तितं, फोटो कुणी दिला. आन् छापायला सांग, ह्या पोरीला देवी न्हवत्या म्हनून.

तुझी
गौरम्मा

मामा, मी जगी. अव्वा लई रडली. ते लिहू नको म्हणाली, म्हणून लिहिते. फोटोत मी बरी आलेय का?


सोलापूर
२२ जून १९७४

चि. सौ. गौरम्मा,

अनेक आशीर्वाद. चि. जगीने हे पत्र सावकाश वाचून दाखवावे.

अगं, एवढा जीव टांगणीला लावून घेऊ नकोस. पेपरचं आयुष्य ते केवढं? सकाळी लोक वाचतात, संध्याकाळी त्यात भजी बांधून नेतात. आठ दिवसांत सगळे विसरतील.

मी पडलो जुळारी. आमच्या हातात येतात ती शिशाची अक्षरं. फोटो वरच्या खोलीतून ठरतात. ते आमच्यापर्यंत येतात तेव्हा त्यांचा जस्ताचा ठसा झालेला असतो, त्याला आम्ही ब्लॉक म्हणतो. कुणी दिला, कुठून आला, हे जुळाऱ्याला कोण सांगतो? तरी विचारीन.

सध्या देवीच्या बातमीवर सगळ्यांच्या उड्या पडतायत. बिहारात हजारोंनी रोगी, जिनिव्हात सभा, परदेशी डॉक्टर गावोगाव हिंडतायत. तारेने बातमी येते ती इंग्रजीतून, तिचं मराठी होईपर्यंत पान छपाईला सुटायची वेळ होते. अशा घाईत काय कुठे लागलं, कुणी बघत नाही.

तू पाठवलेला फोटो माझ्या ट्रंकेत आहे. काळजी नको. सिदूचं म्हणशील तर फोटोवाल्यांचा काय भरवसा? काचा त्यांच्याकडेच राहतात.

जगीला म्हणावं, फोटोत तू छान आली आहेस.

तुझा
चनबसप्पा


हिरेमळ
२ सप्टेंबर १९७४

ति. अण्णा,

तुझं पत्र जगीनं वाचलं. 'फोटोवाल्यांचा काय भरवसा' एवढं ऐकलं आन् जगीचा बाप तसाच उठला. मी म्हनलं थांबा, आधी भावाला इचारून होऊ दे. ऐकतोय कुटं. अक्कलकोटला जाऊन सिदूला दुकानाबाहेर वढला, मारला. कॅमेरा रस्त्यावर आपटला. कानातनं रगत आलं म्हनं त्याच्या. गळ्यातलं इष्टलिंग हातात धरून सांगत हुता सिदू, मी न्हाय दिला, मी न्हाय दिला. लिंग धरून कुणी खोटं बोलतं व्हय अण्णा? मला तवापास्नं घास ग्वाड लागंना.

आन् तू म्हनलास आठ दिवसांत विसरतील. परवा परत छापला! त्योच फोटो, खाली 'बंगालमधील एक दुर्दैवी मुलगी'. आमच्या गावात कुणी बंगाल बघितलाय? पर जगी सगळ्यांनी बघितलीया.

पेपर आला की देवीचे रोगी हुडकणाऱ्या सरकारी डॉक्टरांची जीप येतीया. दोनदा आली. एक गोरा डॉक्टर हुता, उंच, वाकून दारातनं आत आला. त्याच्याजवळ एक चित्राचं कार्ड, देवी आलेल्या पोराचं. ते जगीच्या तोंडाशी धरलं, हाताचं तळवं बघितलं, आन् हसला. संगट आपला मराठी डॉक्टर हुता, तो म्हनला, कांजिण्याच हुत्या, दाखला देतो. मी दाखला घेतला आन् म्हनलं, नुसता दाखला नगं, पेपरात छापा. तो म्हनला, बाई, छापणं आमच्या हातात न्हाय.

मग हाय कुणाच्या हातात?

गौरम्मा


सोलापूर
१५ सप्टेंबर १९७४

चि. सौ. गौरम्मा,

सिदूचं वाचलं आणि ताटावरून उठलो. गुरप्पांना म्हणावं, हात आवरायला हवा होता. मी तसं लिहिलं नव्हतं.

तू विचारलंस, छापणं कुणाच्या हातात? सांगतो. ब्लॉक एकदा झाला की तो खणात पडतो. आमच्याकडे नवीन फोटोला वेळ नसतो, सोय नसते. मग तारेवर बातमी आली की वरून ओरड येते, "चनबसप्पा, देवीचा ब्लॉक काढा!" की मी खण उघडतो. देवीचा ब्लॉक आमच्याकडे एकच आहे. बातमी कुठलीही असो, चेहरा तोच.

संपादकांना मी सांगितलं. म्हटलं, पोर आमच्याकडची आहे, तिला देवी नव्हत्या, डॉक्टरचा दाखला आहे. ते चष्मा वर करून म्हणाले, "देवी नाही ही काय बातमी झाली का?" वाईट माणूस नाही तो. वाचकांच्या पत्रात दोन ओळी टाकू म्हणाले. त्या दिवशी जाहिरात जास्त आली, त्या ओळी गेल्या. नंतर राहूनच गेलं.

एक पाटी, दोन वह्या आणि रंगीत खडू कंडक्टरच्या हाती पाठवतोय. पोरीचा अभ्यास बुडू देऊ नका.

चनबसप्पा


हिरेमळ
२० जानेवारी १९७५

ति. मामा,

हे पत्र अव्वा सांगत नाही. ती भाकऱ्या घेऊन मैंदर्गीच्या बाजारात गेलीय, तिथं आम्हाला कोणी ओळखत नाही. मी एकटीच आहे.

मामा, आधी मी बिहारात होते. मग बंगालात. परवा मी आफ्रिकेत गेले! खाली लिहिलंय, 'इथिओपियातील बालरुग्ण'. नकाशात बघितलं, लई लांब आहे. शाळेतली पोरं मला 'इथिओपी' म्हणतात. मी पण हसते, नाही हसले तर जास्त म्हणतात.

मी रोज आरशात बघते. तोंडावर एक पण डाग नाही. कपाळावर एक होता, तो पण गेला. पण पेपरातल्या माझ्या तोंडावरच्या खपल्या काही पडत नाहीत. ती पोर बरीच होत नाही, मामा.

हिथली शाळा सातवीपर्यंतच. जूनमध्ये मला सोलापूरच्या मुलींच्या बोर्डिंगात घालायचं म्हणून बाबा कबूल झालेत. गुरुजी म्हणाले, तुझा नंबर येतोय, जागा मिळंल. नाहीतर मग मी घरीच. शिकवणारं कोणी नाही, आणि खेळायला घरी कोणी येत नाही. दार लावलं की दिवसभर मी आणि चूल.

तुम्ही त्यांना एवढंच सांगा, जूनपर्यंत छापू नका. नंतर छापा हवं तर.

तुमची
जगदेवी


हिरेमळ
२७ जून १९७५

अण्णा,

नमस्कार लिवायला सांगटलं न्हाय मी जगीला, तिनंच लिवलं आसंल तर आसू दे.

बोर्डिंगात घेतलं न्हाय. नंबर पैला, मार्क चांगलं, डॉक्टरचा दाखला जोडलेला. बोर्डिंगच्या बाईनी फारम घेतला, पोरीकडं बघितलं, मग उठून कपाटातनं पेपर काढला. म्हनल्या, "हीच न्हवं? बाकीच्या पालकांनी इचारलं तर मी काय सांगू?" दाखला दाखवला. म्हनल्या, "दाखला मी एकटी वाचणार, पेपर सगळ्यांनी वाचलाय. ज्यांनी छापलं त्यांच्याकडनं आणा की, चूक हुती म्हनून."

मी तितनं सरळ तुझ्या छापखान्यात येणार हुते. जगीनं पदर धरला. म्हनली, मामाला लाज वाटंल. मला म्हनायचं हाय, वाटू दे की! तुझ्या खोलीत तिघं गडी राहत्यात, न्हायतर तुझ्याकडंच ठेवली असती पोर. तेवढं सुदीक जमंना.

सिदूचं दुकान बंद झालं. त्याला एका कानानं ऐकू येईना. आता बाजारात चिंचा इकतो. मला बघून तोंड फिरवतो. माझ्या मनात येतं, त्यानं दिला नसंल तर? मग आमी कुटल्या नरकात जाणार?

तू भाऊ हाईस का त्या पेपरचा नोकर, एवढं एकदा सांग.

गौरम्मा


सोलापूर
६ जुलै १९७५

चि. जगदेवी,

हे पत्र तुझ्या नावाने आहे. तुझ्या आईला लिहायचं ते गेल्या वर्षभरात मी चारदा लिहिलं आणि चारदा फाडलं. कारण तिला लिहिलं तरी आधी वाचणार तू. तिच्यापाशी खरं बोलायला मला तुझ्या तोंडून जावं लागतं, आणि तेवढंच मला जमत नव्हतं. आता तुलाच सांगतो.

फोटो सिदूने दिला नाही. मी दिला.

गेल्या वर्षी जूनमध्ये देवीची मोठी बातमी आली, चार कॉलम. फोटो एकही नाही. पान अडलं होतं. संपादक खाली येऊन ओरडत होते, "देवीचा एखादा फोटो कुणी द्या रे!" तुझा फोटो माझ्या घोडीला, म्हणजे खिळ्यांचे खण ठेवायच्या लाकडी चौकटीला, वर टाचणीने लावलेला होता, येता-जाता दिसावा म्हणून. मी तो काढला. म्हटलं, हा घ्या, लिंब नेसलेली पोर आहे, छापून बारीक येईल, कोण ओळखतंय. त्यांनी शेजारच्या गल्लीत ब्लॉक करायला धाडला. पान सुटलं. त्यांनी माझ्या पाठीवर हात मारला आणि सगळ्यांसमोर म्हणाले, "चनबसप्पांनी आज पेपर वाचवला!"

एकोणीस वर्षांत माझ्या पाठीवर कुणी हात मारला नव्हता गं. मी त्या दिवशी चालत घरी आलो, हवेत असल्यासारखा.

मग तुमचं पत्र आलं. मी ट्रंकेचं खोटं लिहिलं. सिदूकडे बोट दाखवलं. वाटलं, चार दिवस बोलतील आणि मिटेल. त्याचा कान गेला. तुझी शाळा गेली. आणि दर वेळी वरून ओरड आली की तो खण उघडणारा हात माझाच असतो. काढला नाही तर का म्हणून विचारतील, आणि मग सांगावं लागेल. या भीतीने मी तुला बिहारला पाठवलं, बंगालला पाठवलं, आफ्रिकेला पाठवलं.

आता मी ठरवलंय. सोमवारी तो ब्लॉक खिशात घालून नेणार आणि तलावात टाकणार.

तुझ्या आईला यातलं काय वाचून दाखवायचं, ते तू ठरव.

मामा


हिरेमळ
१४ जुलै १९७५

मामा,

तुमचं पत्र आलं तेव्हा अव्वा समोरच बसली होती. म्हणाली, वाच. मी वाचलं. 'चि. सौ. गौरम्मा, आशीर्वाद, मी प्रयत्न करतोय, पाऊस बरा आहे', असं वाचलं. दोन्ही पानं भरून वाचलं. कागद पार तोंडाशी धरला, तर अव्वा म्हणाली, दिसंना का गं?

काय वाचायचं ते तू ठरव, असं तुम्ही लिहिलं. मामा, मी तेरा वर्षांची आहे. तुम्हाला जे वर्षभर जमलं नाही, ते माझ्यावर ढकललं. मला लई राग आलाय. अजून आहे.

रात्री बाबा जेवताना म्हणाले, सिदूचं पापच होतं, म्हणून दुकान गेलं. मी ताट घेऊन आत गेले. आता घरात खरं फक्त मला माहीत आहे आणि ते मला बोलता येत नाही. आधी नुसतं दार बंद होतं. आता तोंड पण.

ब्लॉक तलावात टाकू नका. टाकला तर काय होईल? ते दुसऱ्या कुणाच्या पोरीचा करतील. आणि मी तशीच राहीन, शेवटी छापलं ते खरं म्हणून.

तुम्ही तो अजून एकदा छापा. खाली खरं लिहा. माझं नाव घाला, गावाचं घाला, आणि सिदूकाकाचं घाला. आणि तुमचं पण.

छापणं कुणाच्या हातात म्हणून अव्वानं विचारलं होतं. खण तर तुम्हीच उघडता की.

जगदेवी


सोलापूर
१६ ऑगस्ट १९७५

चि. जगदेवी,

कालचा अंक सोबत आहे. पहिलं पान बघ.

देश देवीतून सुटला, अशी बातमी होती. परवा संध्याकाळी नेहमीची ओरड आली, "देवीचा ब्लॉक काढा, शेवटचाच!" मी काढला. खाली ओळ दिली होती, 'आता असे चेहरे दिसणार नाहीत'. ती मी जुळवली, पानाचा कच्चा छाप वर गेला, तपासून आला. हल्ली आणीबाणीत तपासलेल्या पानातलं एक अक्षरही हलवायचं नाही, असा वरून सक्त हुकूम आहे. पण पान लोखंडी चौकटीत आवळून मशीनवर चढवणारा मीच. आवळताना ती ओळ काढली आणि माझ्या ओळी बसवल्या. एक खिळा चुकला नाही.

'या मुलीचे नाव जगदेवी गुरप्पा, राहणार हिरेमळ, ता. अक्कलकोट. हिला देवी कधीच आल्या नव्हत्या, कांजिण्या आल्या होत्या. ही बिहारची नाही, बंगालची नाही, इथिओपियाची नाही. ती बरी होऊन सातवी पहिल्या नंबराने पास झाली आहे. हा फोटो सिदू फोटोवाल्याने दिलेला नाही. तिचा मामा चनबसप्पा, या छापखान्यातील जुळारी, याने दिला.'

काल सकाळी संपादकांनी बोलावलं. रागावले नाहीत, घाबरले होते. म्हणाले, "वीस वर्षांत तुमची एक चूक नव्हती हो." मी म्हटलं, "होती. तीच काल काढली." नोकरी गेली, दारातून परत आत घेतलं नाही. साखर पेठेत लग्नपत्रिकांचा एक छापखाना आहे, तिथे विचारलंय.

ब्लॉक त्यांच्याकडेच राहिला. तो मला मिळाला नाही. आता हे पान तू आईला आहे तसं वाचून दाखव.

मामा


हिरेमळ
१२ सप्टेंबर १९७५

ति. मामा,

मला वाचून दाखवावं लागलं नाही. तुमचं पाकीट यायच्या आधीच कंडक्टरनं पारावर मोठ्यानं वाचलं. अव्वा तिथंच भाकऱ्यांची पाटी घेऊन उभी होती.

घरी आली आणि मला विचारलं, "तुला ठाव हुतं?" मी म्हटलं, होय. तिनं मारलं नाही. दोन दिवस चूल पेटवली नाही, बाबांनी पाण्यात चटणी कालवून खाल्ली. तिसऱ्या दिवशी म्हणाली, "बोर्डिंगात जायच्या आधी मला वाचायला शिकव. तू गेल्यावर कोन काय वाचून दाखवंल, भरवसा न्हाय." आता रोज पाटी घेऊन बसते. 'ग' येतो. 'म' उलटा काढते.

बाबांनी एक शेळी इकून सिदूकाकाला कॅमेरा घेऊन दिला, जुनाच. अव्वा तिसऱ्यांदा गेली तेव्हा त्यानं घेतला. बाबा पायावर डोकं ठेवायला गेले तर म्हणाला, "त्या कानाशी बोलू नका, हिकडनं या." हसून म्हणाला की रागानं, कळलं नाही.

बोर्डिंगच्या बाईंचं कार्ड आलं. त्यांनी पेपर वाचला. एक मुलगी सोडून गेलीय, जागा आहे, दोन फोटो घेऊन सोमवारी या. म्हणून सिदूकाकाकडंच गेलो. त्यानं मला स्टुलावर बसवलं आणि माझं तोंड उजेडाकडं वळवलं. मग म्हणाला, "हनुवटी वर." माझ्या तोंडावर काहीच नाही, मामा. लिंब पण नाही.

आता अव्वा सांगते ते लिहिते.

'अण्णा, दिवाळीला ये असं मी म्हननार न्हाय. मन हुईल तवा कळवीन. कडक भाकरी आन् चटणी पाठवली हाय, उपाशी राहू नको. सिदूच्या दारातनं जाशील तर चप्पल काढून जा.'

फोटोच्या तीन प्रती निघाल्या, दोन बोर्डिंगला. तिसरी अव्वानं आधी खुंटीला लावली. मग काढली, म्हणाली, "दे तुझ्या मामाला. पर मागं लिवून दे."

तिनं सांगितलं तसं मी मागं लिहिलंय. 'छापण्यासाठी नाही.'

जगदेवी